काळवीण: काळ आणि जागा विणायचं शास्त्र आपल्या गोष्टीसाठी कसं उभं करायचं

फॅन्टसी लिहायला बसलेल्या माणसाला कधी ना कधी हे सुचतंच, की काळ म्हणजे एक कापड आहे आणि कुणीतरी ते कुठंतरी बसून विणतंय. सुचतं छान, पण चार पानांपुढं जात नाही, कारण कापड हा शब्द तिथं नुसता शोभेला असतो. धागा कुठला, माग कसला, चूक झाली तर निस्तरायची कुणी, यातलं काहीच ठरलेलं नसतं. मग नायक अडकला की कुणीतरी विणकर येतो, हात फिरवतो, वेळ मागं जाते आणि वाचकाचं मन तिथंच उडतं. आपल्याकडं ही कल्पना नवी पण नाहीये, महाभारताच्या आदिपर्वात कुंडलं शोधत नागलोकात गेलेल्या उत्तंकाला दोन बायका मागावर काळे आणि पांढरे धागे विणताना दिसतात, शेजारी सहा मुलं बारा आऱ्यांचं चाक फिरवतायत, आणि परत आल्यावर गुरू त्याला सांगतात की त्या बायका धाता आणि विधाता, धागे म्हणजे रात्र आणि दिवस, चाक म्हणजे वर्ष आणि मुलं म्हणजे ऋतू. एवढं भरभक्कम चित्र घरात असताना आपण हवेतली जादू का लिहायची?

मी येवल्याची. माझी आत्या पैठणीच्या मागावर बसायची आणि शाळेतून आल्यावर तिच्या कांड्या भरून देणं हे माझं काम होतं. खाली जी पद्धत देतेय ती त्या मागावरूनच काढलीय, माझ्या गोष्टींसाठी आणि मित्रमंडळींबरोबर टेबलावर खेळायच्या गेमसाठी मी ती वापरते. या शास्त्राला मी काळवीण म्हणते, तुम्ही दुसरं नाव द्या.

पायरी १: आधी माग बघा

जमलं तर एक दिवस काढून येवल्याला नाहीतर पैठणला जा, कुणाच्या तरी मागाशेजारी दोन तास नुसतं बसा. नाही जमलं तर एवढं लक्षात ठेवा. ताणा म्हणजे उभे धागे, ते विणायला सुरुवात करायच्या आधीच सगळेच्या सगळे ओढून बांधलेले असतात, मध्येच ताणा बदलला असं होत नाही. बाणा म्हणजे आडवा धागा, तो एकेक करून जातो. पायानं पावडी दाबली की अर्धे उभे धागे वर अर्धे खाली होतात, मधल्या फटीतून बाणा घेऊन धोटा जातो, मग फणीनं ठोकायचं, परत दुसरी पावडी. साडीच्या अंगावर, म्हणजे मधल्या साध्या भागात, हे असं सरळ चालतं, पण पदरावर आणि काठावर नाही, तिथं प्रत्येक रंगाची वेगळी छोटी तिल्ली असते आणि विणकर उभे धागे मोजून मोजून जिथला रंग तिथंच फिरवतो, त्यामुळं हातानं विणलेल्या पैठणीवरचा मोर मागूनही पुढच्यासारखाच दिसतो.

एकदा पदरात चार बोटं मागं एक धागा चुकला होता. मी म्हटलं, राहू दे ना आत्या, कुणाला दिसतंय. ती म्हणाली, खाली वाकून बघ. मी मागाखाली डोकं घालून वर बघितलं तर मोराच्या मानेत एक हिरवा ठिपका चुकून लालात शिरला होता, अगदी तांदळाच्या कणीएवढा. दुपारपासून दिवेलागणीपर्यंत ती उसवत बसली होती. ज्या तिल्ल्या ज्या क्रमानं गेल्या त्याच्या बरोब्बर उलट क्रमानं एकेक मागं काढायची, एकीचा नंबर चुकला तर दोन रंग एकमेकांत अडकतात. ती दुपार हेच माझ्या सगळ्या शास्त्राचं मूळ आहे. ठोकलेलं ठोकलेलं राहतं, आणि काढायचं असेल तर शेवटून सुरू करावं लागतं. तुमच्या जगात बाकी काहीही बदला, हा नियम बदलू नका.

पायरी २: काळ ताणा की बाणा, हे ठरवा

बहुतेक जण काळाला ताणा करतात, कारण उभा लांबलचक धागा बघितला की काळ आठवतो. माझं मत उलटं आहे. ताणा आधीच पूर्ण बांधलेला असतो, म्हणजे काळ ताणा केला तर सगळं भविष्य आत्ताच तयार आहे असं होतं आणि गोष्टीतला जीवच जातो. जागेला ताणा करा. प्रत्येक उभा धागा म्हणजे एक ठिकाण, घाट, वेस, विहीर, आत्याचं घर. काळ म्हणजे बाणा, एकेक आडवा धागा, ठोकला की झाला. जिथं शेवटचा धागा ठोकला ती रेघ म्हणजे आत्ता. तिच्या वर नुसते रिकामे उभे धागे, जागा आहे पण अजून तिथं काही घडलेलं नाही.

याचा आणखी एक फायदा आहे. मागावर ताण सगळीकडं सारखा नसला की ती शेवटची रेघ सरळ राहत नाही, कुठं वर जाते कुठं खाली राहते. म्हणजे सगळ्या ठिकाणांचं ‘आत्ता’ एकच नाही. आणि खऱ्या जगात हे असंच आहे! आइन्स्टाइनच्या १९१५ च्या सिद्धांतानुसार जड वस्तूच्या जवळ घड्याळ हळू चालतं. जीपीएसचे उपग्रह साधारण २०,२०० किलोमीटर उंचीवर फिरतात, त्यांच्यावरची घड्याळं जमिनीवरच्यापेक्षा दिवसाला सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढं जातात (उंचीमुळं ४५ पुढं आणि वेगामुळं ७ मागं), आणि ती दुरुस्ती केली नाही तर तुमच्या मोबाईलमधला नकाशा दिवसाला १० किलोमीटरच्या आसपास चुकत जाईल. तेव्हा तुमच्या जगात डोंगराजवळ, मोठ्या देवळाजवळ, जिथं पुष्कळ माणसं एकत्र जमतात तिथं ताण वेगळा ठेवा. पण एकदा ठरवलंत की शेवटपर्यंत तेच ठेवा.

पायरी ३: मोजमाप, आणि इथं घाई करू नका

सगळ्यात जास्त वेळ मी इथं घालवला आणि सगळ्यात जास्त फायदाही इथंच झाला. आपलं जुनं कालमापन बघा: दिवसाच्या ६० घटिका, घटिकेची ६० पळं, पळाची ६० विपळं. घटिका २४ मिनिटांची, पळ २४ सेकंदांचं, विपळ ०.४ सेकंदाचं, म्हणजे डोळ्याची पापणी लवेपर्यंत. आता एक आडवा धागा म्हणजे एक विपळ धरा आणि कापडात इंचाला ६० धागे धरा (हे आपल्या काल्पनिक कापडाचं माप आहे, खऱ्या साडीचं नाही). मग काय होतं बघा:

एक इंच म्हणजे एक पळ. पाच फूट म्हणजे एक घटिका. एक वीत, नऊ इंच, म्हणजे साडेतीन मिनिटांच्या थोडं वर. चार बोटं म्हणजे तीन इंच, ७२ सेकंद. आणि अख्खा दिवस बरोबर १०० वार!

मी हे पहिल्यांदा वहीत मांडलं तेव्हा परत परत तपासलं, बसतं बरोबर. नऊवारी म्हणजे मग ५ घटिका २४ पळं, २ तास ९ मिनिटं ३६ सेकंद. तुमच्या गोष्टीत एखादी बाई म्हणू शकते की नऊवारीभर थांब, येतेच, आणि वाचकाला तिचं जग एका वाक्यात कळतं. सूर्याचा उजेड आपल्यापर्यंत यायला ५०० सेकंदांच्या आसपास लागतात, म्हणजे जवळपास २१ इंच, म्हणजे आपल्याला दिसणारा सूर्य हातभर जुना, हातापेक्षा तीन इंच जास्तच.

हे सगळं एका कागदावर किंवा एक्सेलमध्ये लिहून समोर ठेवा. लिहिताना प्रत्येक प्रसंगाशेजारी इंच टाकत जा.

पायरी ४: जागेची जादू, म्हणजे घडी

एका ठिकाणाहून दुसरीकडं झटकन जायचंय तर कापडाची घडी घालायची, लांबचे दोन उभे धागे एकमेकांना टेकतात आणि माणूस पलीकडं पाऊल टाकतो. हे सगळ्यांनाच सुचतं. पण मराठीत एक मौज आहे, घडी म्हणजे दुमड आणि घडी म्हणजे घटिका. भाषेनं नियम आयता दिलाय: घडी घातली की एक घडी जाते. विणकराला पलीकडं पोचल्यावर कळतं की २४ मिनिटं गेली, मग अंतर पाच कोसांचं असो नाहीतर पाचशे. त्यामुळं जवळच्या प्रवासाला कुणी घडी घालत नाही, चालत जाणंच बरं पडतं, आणि तुमचं जग आपोआप खरं वाटायला लागतं.

दुसरा नियम घरातल्या कपाटातून घ्या. पैठणी एकाच घडीत वर्षानुवर्षं ठेवली की त्या रेघेवर रेशीम चिरतं, म्हणून घरातल्या बायका वर्षातून एकदा तरी ती काढून घडी बदलून ठेवतात. तसंच इथं. एकच वाट पुन्हा पुन्हा वापरली की फाटते. राजाचा निरोप्या रोज त्याच दोन घाटांमध्ये जात असेल तर दरवर्षी चार धागे इकडंतिकडं सरकवावे लागणार, आणि एखाद्या वर्षी ते काम करणारी म्हातारी आजारी पडली तर? तिथं गोष्ट सुरू झाली.

पायरी ५: उसवण

काळात मागं जाणं म्हणजे उसवणं. आणि उसवायचं शेवटच्या रेघेपासून, हे वर आलंच. पण किती रुंद उसवायचं? सगळं जग? नाही. हा भाग नीट बघा, कारण इथं बहुतेक लेखक हातवारे करून पुढं सरकतात.

समजा नदीच्या घाटावर एक पोरगा पाय घसरून पडला. विणकरणीला ते १२ पळांनी कळलं, म्हणजे मध्ये १२ इंच विणून झालं. पडला त्या क्षणी ती घटना फक्त घाटाच्या धाग्यावर होती. मग कुणी ओरडलं, कुणी पळत गावात गेलं, कुणी चूल सोडून घाटाकडं धावलं, म्हणजे घटना दोन्ही बाजूंना पसरत गेली. कापडावर हे त्रिकोण दिसतं, खाली टोक, वर रुंद. पळणारा माणूस ताशी १० किलोमीटरनं गेला तर १२ पळांत, म्हणजे पावणेपाच मिनिटांत, ८०० मीटर जातो. दर १० मीटरला एक उभा धागा धरा, दोन्ही बाजू मिळून १६० धागे झाले. १२ इंचात ७२० आडवे धागे. त्रिकोणाचं क्षेत्रफळ, १६० गुणिले ७२० भागिले २, म्हणजे ५७,६०० ठिकाणी धागा धाग्यावरून काढायचाय.

आता तेच तिला २४ पळांनी कळलं तर? ३२० धागे, १,४४० आडवे, एकूण २,३०,४००. उशीर दुप्पट, काम चौपट. आणि ती उसवत असताना वरची रेघ थांबत नाहीये, त्रिकोण वाढतोच आहे. ही शर्यत वाचकाला एकदा कळली की तुम्हाला वेगळा सस्पेन्स घालावा लागत नाही, घाटावरून कुणी धावत सुटलं की वाचकाच्याच पोटात गोळा येतो.

(भौतिकशास्त्रात यालाच प्रकाशशंकू म्हणतात, मिन्कोव्स्कीनं १९०८ मध्ये काळ आणि अवकाश एकत्र मांडले त्या मांडणीतला. तिथं पसरायचा सगळ्यात मोठा वेग प्रकाशाचा, आपल्या गोष्टीत बातमीचा.)

म्हणून गोष्ट कुठल्या काळात घडते हे फार महत्त्वाचं ठरतं. पायी चालणाऱ्यांच्या जगात उसवण शक्य आहे. १८५० च्या दशकात भारतात तारा आल्या, १८५३ ला बोरीबंदर ते ठाणे आगगाडी धावली, आणि त्रिकोण एकदम पसरट झाला. आज घाटावरून एक फोन मुंबईला गेला की त्रिकोण उरतच नाही, सगळी रुंदी उसवावी लागेल. आजच्या काळात काळवीण दाखवायची असेल तर रेंज नसलेलं गाव निवडा, मी तेच करते.

पायरी ६: उसवलेल्याच्या खुणा

उसवलेलं रेशीम पुन्हा कोरं होत नाही, त्यात बारीक वळ राहतात. म्हणजे ज्या माणसांची १२ पळं उसवली त्यांच्यात काहीतरी उरायलाच हवं. आठवण नको, ती फार सोपी पळवाट होते, त्यापेक्षा हाताला सवय राहू दे. घाटावर धावलेली बाई नव्या विणीत घरातच बसलीय, पण तिचा पदर खोचलेला आहे आणि का खोचला ते तिला सांगता येत नाही.

आणि जर. जरीचा धागा म्हणजे रेशमी दोऱ्यावर गुंडाळलेली धातूची पट्टी, उसवताना ती सोलते, परत वापरता येत नाही. तुमच्या जगात जर म्हणजे काय हे एकदाच ठरवा. काही जण मृत्यू ठरवतील. मी दिलेला शब्द ठरवलाय. कुणी कुणाला शब्द दिला असेल तर त्या इंचातून धागा काढता येत नाही, काढलाच तर तो शब्द कायमचा खराब होतो, दोघांच्याही बाबतीत. मृत्यूपेक्षा हे जास्त चालतं कारण माणसं दिवसभर शब्द देत असतात, येते हं, बघते मी, सांगून ठेवते, आणि विणकरणीला उसवायच्या आधी त्या पट्ट्यात कोण काय बोललं ते सगळं शोधावं लागतं.

पायरी ७: सांधे आणि चिरा

दोन रंग जिथं शेजारी येतात तिथं दोन्ही धागे एकमेकांत अडकवून पुढं न्यायचे असतात, कडियल म्हणतात त्याला, काठ आणि अंग वेगळ्या रंगाचे असले की हेच करतात. न अडकवता प्रत्येक रंग आपल्या हद्दीतून परत फिरवला की मध्ये उभी फट राहते. काळवीणीतला खरा धोका हाच: नव्यानं विणलेला तुकडा बाजूच्या जुन्या कापडात अडकवायचा राहिला तर तिथं चीर पडते. एका घरात सकाळ, भिंतीपलीकडं तीच सकाळ पण दुसरी. तिरक्या कडेवर चीर लांब होत नाही, उभ्या कडेवर होते, म्हणून त्रिकोणात उसवणं सुरक्षित आणि चौकोनात उसवणारा विणकर शिकाऊ. एवढ्या एका खुणेवरून तुमचं कॅरेक्टर कसलेलं आहे की नाही ते दाखवता येतं.

सांध्याचं खरं उदाहरण हवं तर मुंबईचं घ्या. १९०६ पासून देशासाठी एक प्रमाणवेळ आली, पण मुंबई शहरात बॉम्बे टाइम १९५५ पर्यंत चालू होता, प्रमाणवेळेपेक्षा ३९ मिनिटं मागं. आपल्या मापात साडेसत्त्याण्णव इंच, पावणेतीन वाराच्या जरा आत. एकाच शहरात दोन वेळा, जवळजवळ ५० वर्षं, आणि त्यांच्या मधल्या पट्ट्यात काय काय हरवलं असेल यावर एक अख्खी कादंबरी होऊ शकते, कुणीतरी लिहा.

पायरी ८: धागा कुणाचा

खर्च म्हणून विणकराचं आयुष्य कमी होतं असं कृपा करून लिहू नका, ते इतक्यांनी लिहिलंय की वाचकाला धक्काच बसत नाही. रफूगार काय करतो ते बघा. तो बाजारातून धागा आणत नाही, त्याच कपड्याच्या दुमडीतून, कुणाला न दिसणाऱ्या कडेतून काढतो, म्हणून रफू दिसत नाही. काळाचं रफूही त्याच कापडातून. उसवलेल्या १२ इंचांतले ९ जुन्याच वळलेल्या धाग्यानं परत विणता येतील, पण पोरगा पडला ती ३ पळं नव्यानं हवीत, आणि ती कापडाच्या टोकाला मोकळे लोंबणारे धागे असतात ना, दशा, त्यातून घ्यायची. पत्रिकेतली दशा आणि पदराची दशा एकच शब्द, हे लिहिताना मला अजूनही शहारा येतो. कुणाच्या तरी आयुष्याच्या न दिसणाऱ्या कडेतून ७२ सेकंद काढायचे. कुणाच्या?

इथं मागाची आणखी एक गोष्ट आणा. पुष्कळ विणकरांच्या मागावरचं रेशीम आणि जर व्यापाऱ्यानं दिलेली असते, विणकराला मजुरी मिळते. साडी विणते आत्या, पण साडी तिची नाही. तुमच्या जगातही काळाचा धागा कुणाच्या ताब्यात आहे, हिशोब कोण ठेवतं, गरिबाच्या वस्तीच्या दशा आधी का संपतात, हे ठरवा. मला विचाराल तर या शास्त्रातला सगळ्यात मोठा विषय हाच आहे, आणि तो जादूचा नाहीये.

माझ्या गोष्टीत विणकरणीनं ती ३ पळं देवळातल्या घटिका राखणाऱ्या म्हाताऱ्याच्या रात्रीतून घेतली. त्याच्याकडं पाण्यात ठेवलेलं तांब्याचं घटिकापात्र असतं, बुडाला बारीक भोक, एका घटिकेत भरून बुडतं, तो टोल देतो, वाटी परत पाण्यावर ठेवतो. सूर्योदयाला पहिली वाटी, आणि साठावी बुडते तेव्हा परत सूर्य. त्याला झोप लागली असेल, म्हाताऱ्याची ३ पळं कुणाला कळणार, असं तिला वाटलं. पहाटे तो वाटीवर वाकून बसलाय, साठावी, काठ अजून पाण्याच्या वर आहे आणि त्या काठावर ऊन पडलंय.